बंबखान्यातला तवा

१

शुक्रवारी सकाळी वॉर्नर्स फेरी गावच्या बंबखान्यातून तवा चोरीला गेला, आणि ऑरव्हिल कुचेराला ही बातमी कळायच्या आधीच चोर कोण ते अख्ख्या गावाला कळलं होतं. चोर म्हणजे ऑरव्हिल कुचेरा.

तो बिचारा आपल्या हार्डवेअरच्या दुकानात खिळे तोलत बसला होता. दार ढकलून आत आला व्हर्लिन टॉमसन, गावच्या अग्निशमन दलाचा प्रमुख. टोपी काढणं नाही, रामराम नाही. काउंटरवर दोन्ही हात टेकून तो उभा राहिला.

"ऑरव्हिल, तवा कुठाय?"

"कसला तवा?"

"उगाच साळसूदपणा करू नकोस. आपला तवा. उद्याच्या न्याहारीचा."

हा तवा म्हणजे काही साधंसुधं प्रकरण नव्हतं. जाड बिडाचा, बाकाएवढा लांब, दोन माणसांनी मिळून उचलायचा. दर वर्षी मे महिन्यात एका शनिवारी दलाची पोरं बंब बाहेर रस्त्यावर काढत, आत टेबलं मांडत, आणि सारा गाव पैसे देऊन पॅनकेक खायला येई. त्यावर दलाच्या नळ्या, शिड्या आणि रबरी बूट चालत. आणि तव्यामागे एप्रन बांधून उभा राहायचा गेरिट डायकस्ट्रा. आधी वकील गेरिट, मग नगरपालिकेतला गेरिट, मग काउंटी बोर्डावरचा, म्हणजे जिल्ह्याच्या कारभारातला गेरिट, आणि परवाच्या सोमवारी शपथ घेतल्यापासून केंद्रीय न्यायालयाचे माननीय न्यायाधीश गेरिट डायकस्ट्रा. तहहयात, थेट राष्ट्राध्यक्षांच्या सहीनं!

"मी कशाला नेऊ तुमचा तवा?" ऑरव्हिल म्हणाला.

"मंगळवारी कॉफी पिताना काय बोललास? 'हा तवा कुणी नदीत फेकला असता तर मी केव्हाच बोर्डावर गेलो असतो.' सगळ्यांनी ऐकलंय."

आता हे तो बोलला होता, यात शंका नाही. काउंटी बोर्डाच्या निवडणुकीत तो गेरिटविरुद्ध चारदा उभा राहिला होता आणि चारही वेळा सपाटून आपटला होता. ज्या माणसाच्या हातचे पॅनकेक खाल्ले त्याच्याविरुद्ध मत द्यायचं, एवढा निगरगट्टपणा वॉर्नर्स फेरीत कुणाकडे नव्हता. आता गेरिट न्यायाधीश झाला, त्याची जागा रिकामी झाली, आणि येत्या मंगळवारी पोटनिवडणूक होती. समोर उभा होता रॉडनी नावाचा एक विमा एजंट, ज्याला मका आणि सोयाबीन यांतला फरकही धड कळत नव्हता. आयुष्यात पहिल्यांदा ऑरव्हिलला जिंकायची आशा होती.

"मंगळवारी मतं मागायला येशील ना," व्हर्लिन दारातून म्हणाला, "तेव्हा येताना तवा घेऊन ये."

दार धाडकन लागलं. गल्ल्यावर बसलेली बायको, ल्युसिल, चष्म्यावरून त्याच्याकडे बघत होती.

"ऑरव्हिल," ती हळूच म्हणाली, "खरंच नेलास का रे?"

२

घरच्या माणसानंच असं विचारल्यावर कुणाचंही डोकं फिरेल. ऑरव्हिलनं टोपी घातली आणि तडक बंबखाना गाठला. पोलिसपाटलाच्या जागी असलेला शेरीफ मासे धरायला गेला होता, आणि तो असता तरी त्यानं ऑरव्हिललाच धरलं असतं. तेव्हा चोर आपणच शोधायचा, असं त्यानं ठरवलं.

बंबखान्याच्या मागच्या दाराला कुलूप नव्हतं, आतून नुसता आकडा होता. दार जुनं, फळ्या आकसलेल्या. फटीतून काही चपटं घालून आकडा वर उचलला की दार उघडं. आणि ते चपटं काय होतं तेही तिथंच पडलं होतं, दारामागे, जमिनीवर. लाकडी फूटपट्टी. हिरवी. तिच्यावर ठळक अक्षरांत छापलेलं: 'गेरिट डायकस्ट्रा, तुमचा माणूस'.

"त्याचा काही उपयोग नाही," व्हर्लिन म्हणाला. "मीही पाहिली ती. गेरिटची पट्टी गावात कुणाकडे नाही? माझ्याच घरात ढिगानं आहेत. बायको एकीनं कढईतलं हलवते."

बोलणं खरं होतं. दर निवडणुकीला गेरिट फूटपट्ट्या वाटायचा. पोरांच्या दप्तरात त्या, शिंप्याच्या टेबलावर त्या, टोमॅटोच्या रोपांना आधार त्यांचाच. ऑरव्हिलनं तरीही पट्टी खिशात टाकली आणि तो थेट गेरिटच्या घरी गेला. प्रतिस्पर्धी असला तरी शाळेपासूनचा माणूस. शिवाय आता न्यायाधीश. न्याय मागायचा तर आणखी कुणाकडे मागणार?

"ये, ये, ऑरव्हिल!" गेरिट आरामखुर्चीतूनच ओरडला. "मार्गी, ऑरव्हिलला कॉफी दे गं!"

त्याच्या पाठीशी दोन उशा होत्या. एरवी हा माणूस टपालवाला आला तरी पायऱ्या उतरून हात मिळवायला जायचा.

"न्यायमूर्ती झालास म्हणून उठायचंही बंद केलंस?" ऑरव्हिल म्हणाला.

"अरे, जबाबदारीचं ओझं, दुसरं काय!" गेरिट हसला, पण हसता हसता त्यानं तोंड वाकडं केलं.

"माझ्यावर त्याहून मोठं ओझं आहे. गाव मला चोर म्हणतंय. मी आता एकेकाला तोंडावर विचारणार आहे, आणि सुरुवात तुझ्यापासून. सांग, तवा तू नेलास का?"

गेरिटनं कॉफीचा कप खाली ठेवला. "ऑरव्हिल, इतकी वर्षं मी त्या तव्यामागे उभा राहिलो. असली गोष्ट कुणाच्या मनात तरी येईल का?"

"तेच म्हणतो मी! बरं, उद्या तिथं येऊन सांगशील ना चारचौघांत, की ऑरव्हिल तसला माणूस नाही म्हणून?"

"करू या की, त्यात काय!" गेरिट म्हणाला.

ऑरव्हिल खुशीत बाहेर पडला. फाटकापर्यंत आल्यावर त्याच्या लक्षात आलं, की 'करू या की, त्यात काय' हे गेरिट सगळ्यांनाच म्हणतो. नदीवर पूल हवा म्हणणाऱ्यांना तेच, नको म्हणणाऱ्यांनाही तेच. दोन्हीकडचे लोक त्यालाच मत देत आणि पूल मात्र अजून व्हायचाच होता.

३

दुसरा संशय अर्दिस मोहरवर. मेथडिस्ट चर्चचं सॉसेजचं जेवण ती चालवायची, आणि दलाची न्याहारी नेमकी त्याच्या आदल्या आठवड्यात येई. एकदा पॅनकेकनं तुडुंब झालेला गाव सॉसेजकडे ढुंकूनही बघायचा नाही, अशी तिची जाहीर तक्रार. या भांडणावरून अर्दिस आणि व्हर्लिन एकमेकांशी फक्त अंत्यविधीत बोलत.

ती चर्चच्या स्वयंपाकघरात बटाटे सोलत होती. ऑरव्हिलनं सरळ प्रश्न टाकला.

"नाही," अर्दिस म्हणाली. "नाही, नाही आणि नाही. आणि पुन्हा विचारशील तर हा बटाटा तुझ्या डोक्यात घालीन."

"पण फायदा तुझाच होतो, अर्दिस."

"माझा? अरे मूर्खा, तवा गेला तर माझं नुकसान! गेरिटचे पॅनकेक खाल्ल्यावरच तर लोकांना माझी सॉसेजं गोड लागतात." असं म्हणून तिनं जीभ चावली आणि बटाट्याकडे वळली. "मी काही बोलले नाही. तूही ऐकलं नाहीस."

ऑरव्हिलला काही उमजलं नाही. त्यानं स्वतः गेरिटचे पॅनकेक कधी तोंडाला लावले नव्हते. तत्त्वाचा प्रश्न होता. तो मान हलवत घरी आला आणि मागच्या पडवीतल्या आपल्या कामाच्या टेबलाशी बसला.

टेबलावरच्या भिंतीवर चार फूटपट्ट्या ठोकलेल्या होत्या. प्रत्येक पराभवाची एक. पिवळी, लाल, निळी, पांढरी. ल्युसिल म्हणायची, काढून टाक त्या, कशाला रोज जीव जाळून घेतोस. पण तो काढत नसे. रोज सकाळी त्यांच्याकडे बघून तो दात घट्ट आवळायचा आणि मग दुकान उघडायचा.

त्यानं खिशातली पट्टी काढून पांढरीच्या शेजारी धरली. आणि त्याचा हात तसाच राहिला.

हिरवी त्याच्याकडे नव्हती. हिरवी व्हर्लिनच्या घरी नव्हती, शिंप्याकडे नव्हती, टोमॅटोंच्या वाफ्यातही त्यानं कधी पाहिली नव्हती. कारण हिरवी पट्टी गावात कधी वाटलीच गेली नव्हती!

४

गेरिटच्या ऑफिसच्या पाटीवर 'डायकस्ट्रा आणि ब्रँट, वकील' असं होतं. फिल ब्रँट शिडीवर चढून त्यातलं 'डायकस्ट्रा आणि' खरवडत होता. न्यायाधीशपद आपल्याला मिळावं म्हणून या फिलनं तीन वर्षं वॉशिंग्टनला खेट्यांवर खेटे घातले होते. तिसरा संशय याच्यावर, आणि सगळ्यात दाट.

"फिल, हिरव्या पट्ट्या कुठं आहेत?"

"तळघरात," फिल शिडीवरूनच म्हणाला. "पाचव्या निवडणुकीसाठी छापून आल्या आणि त्याच आठवड्यात त्याची नेमणूक झाली. अख्खं खोकं तसंच पडलंय. जाळायला हवी असली तर घेऊन जा."

"तळघराची किल्ली?"

"माझ्याकडे आणि गेरिटकडे." फिल सरसर शिडी उतरला, दोन पायऱ्या राहिल्यावर त्यानं खाली उडीच मारली. "तुला काय विचारायचंय ते कळलं मला. नाही, मी तवा नेला नाही. मला गेरिटचा राग येतो हे खरं. पण त्याच्या तव्याचं मी काय करू? माझ्या घरी बायको मला आमलेटसुद्धा करू देत नाही."

संध्याकाळी ऑरव्हिल जेवायला बसला आणि ताटातलं नुसतं चिवडत राहिला. मंगळवार जवळ येत होता, आणि येताना वाटेत तिघांनी त्याच्याकडे तव्याची चौकशी केली होती. एकानं तर गाडीची खिडकी खाली करून 'पॅनकेक किती झाले रे?' असं विचारलं होतं.

"नीट सांग बघू," ल्युसिल म्हणाली. "अर्दिस काय म्हणाली?"

"नाही म्हणाली. तीनदा."

"आणि फिल?"

"तोही नाही म्हणाला. आणि चांगला उड्या मारतोय. तो तवा एकट्यानं ओढून नेणाऱ्याची कंबर अशी शाबूत राहायची नाही."

"आणि गेरिट?"

ऑरव्हिलनं चमचा खाली ठेवला. त्याला उशा आठवल्या, ते वाकडं झालेलं तोंड आठवलं, आणि 'असली गोष्ट कुणाच्या मनात तरी येईल का' हे वाक्य आठवलं. "ल्युसिल," तो म्हणाला, "तो नाही म्हणालाच नाही! मी त्याला तोंडावर विचारलं, आणि त्यानं नाही म्हटलं नाही. त्याला म्हणताच येत नाही! जन्मात कधी कुणाला नाही म्हणाला नाही तो, चोरीच्या बाबतीत तरी कसा म्हणणार?"

जेवण तसंच टाकून तो उठला.

५

गेरिटच्या गॅरेजचं दार अर्धं उघडं होतं. आत त्याचा पिकअप ट्रक, त्यावर ताडपत्री. ऑरव्हिलनं ती बाजूला केली. खाली जुनी गोधडी, आणि गोधडीत गुंडाळलेला तवा. गंज चढू नये म्हणून त्याला डुकराची चरबी चोळली होती, बाळाला तेल लावावं तशी.

"मला वाटलंच होतं तू येशील," मागून आवाज आला. न्यायमूर्ती कमरेवर हात ठेवून दारात उभे होते, एका बाजूला कललेले.

"अरे चोरा!" ऑरव्हिल ओरडला. "चारदा मला हरवलंस, पोट भरलं नाही? आता निघालास तर जाता जाता माझ्या तोंडाला काळं फासून निघालास?"

"तुझ्यावर येईल हे माझ्या डोक्यातच आलं नाही, ऑरव्हिल. शपथ घेऊन सांगतो." गेरिट एका पिंपावर बसला. बसताना पुन्हा कळवळला. "सोमवारी शपथ झाली आणि मुख्य न्यायाधीशांचा फोन आला. म्हणाले, न्यायाधीशानं कुणासाठी पैसे गोळा करायचे नाहीत. कुठल्याही कामासाठी नाही, कितीही चांगलं असलं तरी. आणि निवडणुकीत कुणाच्या बाजूनं एक शब्द काढायचा नाही. म्हणजे न्याहारी बंद."

"मग व्हर्लिनला सांगायचं तसं!"

"गेलो होतो ना! मंगळवारी गेलो, नाही म्हणायला. तर त्यानं मिठी मारली, आणि मी पॅनकेकबरोबर सॉसेजही भाजायचं कबूल करून परत आलो. बुधवारी पुन्हा गेलो. त्याची आई तिथं होती. तर केकचा लिलावही माझ्याच गळ्यात पडला. गुरुवारी मार्गी म्हणाली, आता जाऊ नकोस, नाहीतर बंबही तूच चालवशील. मग मी तवाच उचलला. म्हटलं, तवा नसला तर न्याहारी नाही, आणि न्याहारी नसली तर मला काही म्हणायला नको."

ऑरव्हिलला हसू आलं, पण त्यानं ते दाबलं. हे उद्या पेपरात आलं तर मंगळवार त्याच्या खिशात होता. आणि गेरिटची तहहयात नेमणूक एका आठवड्यात आटोपली असती.

"आणि सोमवारी कोर्ट सुरू झालं की काय करशील?" त्यानं विचारलं. "तिथं रोज दोन जण समोर उभे राहणार, आणि त्यांतल्या एकाला तुला नाही म्हणावं लागणार. दोघांनाही 'करू या की' म्हणून भागणार नाही तिथं."

"त्याचीच मला भीती वाटते," गेरिट म्हणाला. "आयुष्यभर मला ही खुर्ची हवी होती, ऑरव्हिल. आणि आता ती मिळाल्यावर मला घाम फुटतोय. सोमवारचे दोन्ही वकील माझे मित्र आहेत."

ऑरव्हिलला त्याची दया आली, आणि दया आली म्हणून स्वतःचा राग आला.

"उद्या सकाळपर्यंत मी कुणाला काही सांगत नाही," तो म्हणाला. "तवा घेऊन बंबखान्यात ये. सगळ्यांसमोर काय ते तूच सांग. नाही सांगितलंस तर मी सांगीन. आता ती गोधडी धर, नीट बांधू या हा. आणि तू वाकू नकोस, मेलास तर पुन्हा माझ्यावरच येईल."

६

शनिवारी बंबखाना गच्च भरला होता. तवा परत आलाय ही बातमी सगळीकडे गेली होती, आणि तो कुणी आणला याबद्दल लोकांचे डोळे ऑरव्हिलवरच होते. रॉडनी विमेवाला दारात उभा राहून सगळ्यांशी हात मिळवत होता.

व्हर्लिननं एप्रन पुढे केला. "चल गेरिट. पीठ तयार आहे."

गेरिट एप्रनकडे बघत राहिला. त्याचा चेहरा लाल झाला. गर्दीतून ऑरव्हिलनं त्याच्याकडे रोखून पाहिलं.

"नाही," गेरिट म्हणाला.

व्हर्लिनचा हात एप्रनसकट तसाच पुढे राहिला.

"नाही, व्हर्लिन. मला आता हे करता येणार नाही, या वर्षी नाही आणि पुढंही नाही. न्यायाधीशाला ते चालत नाही. आणि तवा मी नेला होता. ऑरव्हिलनं नव्हे. तुला नाही म्हणायची माझी छाती झाली नाही म्हणून नेला. त्याची भरपाई काय ती सांग." तो घळाघळा रडेल की काय असं वाटत होतं.

व्हर्लिननं टोपी काढली, डोकं खाजवलं, पुन्हा टोपी घातली.

"गेरिट," तो म्हणाला, "आता तू खरं बोललास तर मीही बोलतो. तुझे पॅनकेक आतून कच्चे असतात. पहिल्या वर्षापासून. मागच्या दाराशी आम्ही एक बादली ठेवतो, तू पाठ वळवलीस की लोक त्यात टाकतात, आणि माझा भाऊ ती डुकरांना नेतो. तुला सांगायची कुणाची छाती झाली नाही."

अर्दिस मोहर खो खो हसत सुटली, आणि तिच्यामागून सारा बंबखाना. गेरिटही हसला, कंबर धरून, डोळे पुसत. इतका मोकळा हसताना ऑरव्हिलनं त्याला कधी पाहिलं नव्हतं.

"मग आता भाजणार कोण?" मागून कुणीतरी ओरडलं.

व्हर्लिननं एप्रन ऑरव्हिलच्या अंगावर फेकला. "उगाच चोर म्हटलं याला. आता याच्याच हातचं खाऊ या."

ऑरव्हिलनं भाजले, आणि नीट भाजले. बादली रिकामी राहिली. रांग दारापर्यंत गेली, लोक दुसऱ्यांदा आले, कुणी पाठीवर थाप मारली. पण रॉडनी अजून हात मिळवतच होता, आणि कुणी सांगावं, हसण्याच्या भरात लोक मंगळवारपर्यंत काय विसरतील!

गेरिट ताटली घेऊन समोर आला तेव्हा ऑरव्हिल पुढं वाकला. "गेरिट, काल मी तोंड बंद ठेवलं. आता तू एक कर. त्या बाकावर उभा राहा आणि मंगळवारी मला मत द्या म्हणून एकदा सांग. एकच वाक्य."

गेरिटनं त्याच्याकडे पाहिलं. या वेळी त्याचा चेहरा लाल झाला नाही.

"नाही," तो शांतपणे म्हणाला.

"नाही? मला नाही?"

"तुलाच काय, कुणालाच नाही. तो एक करपतोय बघ."

ऑरव्हिलच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण पॅनकेक उलटता उलटता त्याच्या मनात आलं, की गेरिटच्या सोमवारची काळजी करायचं आता काही कारण उरलेलं नाही.

७

मंगळवारी ऑरव्हिल कुचेरा निवडून आला. फार नाही, थोड्याच मतांनी, पण आला. रात्री त्यानं भिंतीवरच्या चारही पट्ट्या काढल्या आणि ल्युसिलनं त्या चुलीत घातल्या.

बुधवारी सकाळी त्यानं दुकान उघडलं तर पायरीवर व्हर्लिन टॉमसन उभा. या वेळी टोपी हातात होती.

"अभिनंदन, ऑरव्हिल. ते पॅनकेक लाजवाब होते हं. दलाची पोरं म्हणतायत, पुढच्या वर्षीही तूच कर. आणि सॉसेजही. केकचा लिलावही तूच केलास तर बरं. आणि आमच्या घरामागच्या रस्त्यावर जरा खडी पडली असती तर आईला बरं वाटलं असतं."

ऑरव्हिलनं मान ताठ केली. रस्त्यावर खडी टाकायची तर बोर्डाची बैठक हवी, सॉसेज भाजायची तर वेळ हवा, आणि केकच्या लिलावाशी त्याचा काय संबंध? स्पष्ट सांगायचं, एकदाच. त्यानं तोंड उघडलं. व्हर्लिन आशेनं त्याच्याकडे बघत होता.

"करू या की," ऑरव्हिल म्हणाला, "त्यात काय!"

व्हर्लिननं त्याला मिठी मारली आणि तो शीळ घालत निघून गेला. ऑरव्हिल दारात तसाच उभा राहिला.

"अहो बोर्डाचे सभासद," गल्ल्यावरून ल्युसिल म्हणाली, "तवा लपवायला जागा आत्ताच बघून ठेवा. आणि नेताना दोघं मिळून उचलू या. तुमच्या कमरेचं मला माहीत आहे."